खांद्यावरची रेघ

ही गोष्ट खरी आहे.

मला माहीत आहे, असं सगळेच म्हणतात. शिवाय मला आमच्या गावात कोणी गंभीरपणे घेत नाही. पाद्रीबाबा सांगतात, माझ्या बाप्तिस्म्याच्या वेळी पाणी डोक्यावर पडल्यावर मी रडायच्या ऐवजी शिंकलो आणि अख्खं चर्च हसलं. तेव्हापासून ते तसंच चाललंय.

पण माझा डावा कान अर्धा आहे. वरचा अर्धा नाही. तो विनोदात गेला नाही.

शनिवार, २९ जुलै २०२३. दुपारचे बारा वाजून एकोणतीस मिनिटं. गाव एल रेमान्सो, पापालोआपान नदीच्या काठावर, चौकातल्या कमानींमागची तिसरी खोली.

भर दुपार होती. डोळे दिपवणारं ऊन होतं. अंधारात काहीतरी दिसल्यासारखं वाटलं, असं म्हणायची सोयच नाही.

माझं नाव वेन्सेस्लाओ. सगळे लाओ म्हणतात. मी आणि माझी मावशी कासिल्दा, आम्ही दोघं सावलीलेखक. धंदा तिचा, मी हाताखाली शिकलो आणि मग हाताखालीच राहिलो. माणूस शब्द द्यायला आमच्याकडे येतो. सकाळी नऊच्या सुमाराला, सावली माणसाएवढी असताना, आम्ही त्याला कमानीबाहेर उभं करतो. उजवा हात वर. सावली पडते तिथे मांजरपाट अंथरतो. काजळीच्या शाईने सावलीची कड काढतो, आणि दिलेला शब्द त्या कडेच्या आत लिहितो. मग माणूस घरी जातो, कापड आमच्या पेटीत जातं. शब्द मोडला तर सगळ्या गावासमोर कापड उलगडायचं. बस, एवढंच.

नियम थोडे आहेत. कड डाव्या टाचेपासून सुरू करायची आणि उजव्या टाचेला थांबवायची. दोन टाचांमधली जागा उघडी ठेवायची. तिला आम्ही दार म्हणतो. सावली तिथून बाहेर पडते आणि मालकाबरोबर जाते.

आणि सावलीच्या आत आडवी रेघ मारायची नाही. कधीच नाही. रेघ मारली की तिच्यापलीकडच्या भागाला दार उरत नाही.

फेब्रुवारीत ओब्दुलिया तिच्या नवऱ्याला घेऊन आली.

ओब्दुलिया आमच्या दारासमोर तमाल विकते, केळीच्या पानात वाफवलेले मक्याचे उंडे. अंगाने भरभक्कम, आवाजाने त्याहून. पण त्या दिवशी तिचा एक हात झोळीत होता. खांद्याचं हाड मोडलं होतं. वर्षभरात तिसऱ्यांदा. नवरा नासारिओ, ऊसतोड्या. सहा फूट, आणि सकाळी नऊला तोंडाला रमचा वास.

“लिहा,” ओब्दुलिया म्हणाली. “हा हात कोणावरही उठणार नाही.”

“कोणावरही?” नासारिओ म्हणाला. “मग मी गुत्त्यात जाऊन काय करू, जपमाळ ओढू?”

“ओढ की. बोटांना काम मिळेल.”

“कासिल्दाबाई, तुम्हीच सांगा. पुरुषाच्या हाताला काहीतरी राहू दे ना. बायकोवर म्हणा. बायकोवर मला कबूल आहे. बाकीच्या जगाचं आपण नंतर बघू.”

मावशीने पेटीकडे बघितलं. याआधी त्याची दोन कापडं झाली होती. पहिला शब्द अकरा दिवस टिकला. दुसरा रविवारपर्यंत.

“बायकोवर,” मावशी म्हणाली. “ठीक आहे. हात वर कर.”

तिने कड काढली. वर केलेल्या उजव्या हाताच्या आत, मनगटाकडून कोपराकडे, तिने लिहिलं… *हा हात ओब्दुलियावर उठणार नाही.*

मग तिने लेखणी पुन्हा शाईत बुडवली.

आणि खांद्यावर एक रेघ मारली.

अंगठ्याएवढी जाड. काखेपासून मानेपर्यंत.

नासारिओ निघून गेला. तो वळला तेव्हा मी जमिनीकडे बघितलं. त्याची सावली त्याच्याबरोबर निघाली होती. डोकं होतं, धड होतं, दोन पाय, डावा हात.

उजवा हात… मांजरपाटावरच राहिला होता. धुरकट. कोपरात जरासा वाकलेला.

“मावशी, रेघ.”

“दिसली मला.”

“ती मारायची नसते.”

“तू मला शिकव आता. तुझं अक्षर बघून बकरी आजारी पडते.” तिने कापडाची घडी घातली. “कोणाला बोललास तर तुझी जीभ कापडावर काढीन.”

आता खरं सांगतो, पुढचे तीन महिने गावात मजा होती.

नासारिओचा उजवा हात होता. जेवायला चालायचा, टोपी काढायला चालायचा. फक्त रागाने उठायचा नाही. उसावरही नाही. कोयता धरायचा आणि ऊस हलकेच बाजूला सारायचा. मुकादमाशी भांडण झालं तेव्हा त्याने ठोसा मारायला हात उचलला आणि मुकादमाचा गाल कुरवाळला. मुकादम दोन दिवस कामावर आला नाही. तिसऱ्या दिवशी त्याने नासारिओला काट्यावर बसवलं, उसाच्या गाड्या मोजायला. तिथे त्याने एक मांजर पाळलं.

आणि ओब्दुलियाचं हाड जुळलं. एप्रिलमध्ये मी तिला पहिल्यांदा वाफाळतं पातेलं दोन्ही हातांनी उचलताना बघितलं. ती गात होती. वाईट गात होती, पण गात होती.

मग पेटीतून आवाज यायला लागला.

ठक.

दिवसातून एकदा. नंतर दोनदा.

ठक… ठक…

आतून, झाकणाला.

“वाळवी,” मावशी म्हणाली.

आमच्याकडे वर्षातून दोन दिवस बिनसावलीचे. सूर्य बरोबर डोक्यावर येतो, आणि चार मिनिटं कोणालाच सावली नसते. चौदा मे आणि एकोणतीस जुलै. चर्चचा घंटावाला चौकातल्या क्रूसाची सावली गेली की एकदा घंटा वाजवतो, परत आली की दुसऱ्यांदा. त्या चार मिनिटांत गावात फक्त आमच्या पेटीतल्या, शाईने काढलेल्या सावल्या उरतात. म्हणून आम्ही सगळी कापडं पालथी करतो, वर दगड ठेवतो, आणि खोलीबाहेर जाऊन बसतो. म्हातारे करत आले, आम्ही करतो.

चौदा मेला आम्ही बाहेर बसलो होतो. आत मावशीची टर्की होती. नाताळासाठी वाढवत होती ती. तिचं नाव बिशप, कारण चालायची तशी.

पहिली घंटा झाली.

आतून बिशपचा एकच आवाज आला. अर्धा.

दुसऱ्या घंटेनंतर आम्ही दार उघडलं. पेटी बंद होती. दगड जागेवर.

बिशपचे सात तुकडे झाले होते. सगळे सारखे… ओळीने लावलेले. आणि प्रत्येक घाव तिरका. ऊस बुडातून तोडतात तसा.

मी बाहेर जाऊन ओकलो. परत आलो तेव्हा मावशी फरशी पुसत होती.

“मिटवून टाक,” मी म्हणालो. “नासारिओला बोलाव. कापडावर काढलेल्या पायांवर पाय ठेवून उभा कर. रेघ पूस.”

“आणि मग?”

“मग त्याचा हात त्याला.”

“आणि मग?”

बाहेर ओब्दुलिया गात होती.

“टर्की परवडते,” मावशी म्हणाली आणि फडकं पिळलं.

जुलै उजाडला. आवाज आता दिवसभर यायचा. गिऱ्हाईकं विचारायची तर मी म्हणायचो, सुतार भाड्याने राहतो. एकोणतीस तारखेला सकाळी मावशीने मला शाई आणायला नदीपलीकडे पाठवलं. घरात तीन बाटल्या भरलेल्या होत्या. मी निघालो. पण नदीला पाणी चढलं होतं, होडी बंद. मी परत आलो.

मावशी बाहेर बसली नव्हती.

ती आत होती. पेटीला साखळी गुंडाळली होती, वर मसाला वाटायचा दगडी पाटा ठेवला होता, आणि समोर खुर्ची टाकून ती बसली होती. भिंतीला पाठ लावून.

“तू का परत आलास?”

“होडी नाही.”

“पोहून जायचं.”

“तू बाहेर का नाही बसलीस?”

“बाहेर चौकात पोरं खेळतात, लाओ. ते सुटलं तर आधी समोर काय दिसेल? मी केलंय, मी बसते. मला भेटलं की त्याचं समाधान होईल.”

“आणि नाही झालं तर?”

“मग तू आहेसच. जा बाहेर.”

मी गेलो नाही. शौर्य वगैरे काही नाही. तेवढ्यात घंटा झाली.

सगळं थांबलं.

झाडांवरची किरकिर थांबली. समोरचा रेडिओ थांबला. नदीचा आवाज… तोही नव्हता. मी पायाकडे बघितलं. सावली नाही. खुर्चीला नाही. मावशीला नाही.

ठक.

पाटा बोटभर सरकला.

ठक.

साखळी ताणली गेली… आणि सैल पडली.

मग काहीच नाही.

मी श्वास सोडला. पेटी बंदच होती. साखळी जागेवर होती.

“मावशी,” मी म्हणालो, “झालं वाटतं.”

ती माझ्याकडे बघत नव्हती. माझ्या मागच्या भिंतीकडे बघत होती.

भिंतीवर… हात होता.

फक्त हात. खांद्यापासून. सावलीचा, पण इतका काळा की चुन्यात भोक पडल्यासारखा. मुठीत कोयता. आणि खांद्याच्या जागी सरळ कापलेली कड.

तो मागे गेला. ऊसतोड्या झोक घेतो तसा.

मला आधी आवाज आला. मग डाव्या बाजूने ऐकू येणं कमी झालं. मानेवर गरम काहीतरी वाहिलं. मी खाली बघितलं तर फरशीवर माझ्या कानाचा तुकडा पडला होता. तिरका कापलेला.

दुसरा घाव टेबलावर. दोन पाय गेले, शाई भिंतभर उडाली. तिसरा मावशीवर. तिने उजवा हात आडवा धरला. दोन बोटं उडून शाईत पडली. ती ओरडली नाही. फक्त “हं” म्हणाली, कोणी बरोबर उत्तर दिल्यासारखं.

मी लाकडी स्टूल फेकलं. ते भिंतीवर आपटून परत माझ्याच गुडघ्यावर आलं. सावलीला स्टूल मारणारा मी जगातला पहिला माणूस नसेन, पण मला तसं वाटलं.

हात पुन्हा मागे गेला. आता उंची मावशीच्या मानेची होती.

दार उघडलं.

ओब्दुलिया. हातात झारा. ती बिनसावलीचे दिवस पाळत नाही, म्हणते गिऱ्हाईक जेवायचं थांबतं का. तिने मावशीचा हात बघितला, रक्त बघितलं, भिंत बघितली. आणि ती ओळखीचा माणूस बघितल्यासारखी उभी राहिली.

कोयता खाली आला.

ती मध्ये गेली.

तो थांबला… तिच्या भांगावर, एका बोटाच्या अंतरावर. थरथरत.

“मी आहे,” ती म्हणाली. हळू. “बघ नीट. मी आहे.”

तो डावीकडून फिरला. ती डावीकडे झाली. तो छतावर चढला, वरून येऊ बघत होता. तेव्हा ओब्दुलियाने झारा टाकला, वळली, आणि सरळ मावशीच्या मांडीवर बसली. पूर्ण. वजनासकट.

“ओब्दुलिया,” खालून मावशी म्हणाली, “मला श्वास घेता येत नाहीये.”

“नंतर घ्या.”

“ताई, मी कुठे जाऊ?” मी विचारलं.

“खाली शीर, गाढवा.”

मी तिच्या घागऱ्याखाली शिरलो. सत्तावीस वर्षांचा माणूस. हे मी लिहितोय कारण ते खरं आहे. वरून घाव पडत होते. खुर्चीच्या पाठीवर, भिंतीवर, आमच्या चारी बाजूंना. एकही तिला लागला नाही. प्रत्येक घावाला ती नुसती दचकत होती… सवयीने.

मग घाव थांबले.

मी घागऱ्याची कड उचलली. हात भिंतीवरून दाराकडे सरकत होता. बाहेर गेला. कमानीच्या पहिल्या खांबावर वाकला, दुसऱ्यावर वाकला… गुत्त्याच्या दिशेने.

“नासारिओ तिथे आहे,” ओब्दुलिया म्हणाली.

तिने हाक मारली नाही. उठलीही नाही.

नासारिओ गुत्त्यात डोमिनो खेळत होता. बरोबर तिघं होते आणि तिघांनी वेगवेगळं विचारल्यावर एकच सांगितलं. आत कोणी आलं नाही. भिंतीवर एक हात होता. नासारिओने वर बघितलं, त्याचा चेहरा उजळला, आणि तो म्हणाला, “कुठे होतास रे इतके दिवस?”

पहिला घाव खांद्यावर पडला. सरळ आरपार. हात टेबलावर पडला, मुठीत डोमिनोची सोंगटी तशीच. एका साक्षीदाराने शपथेवर सांगितलं की ती टाकली असती तर नासारिओ तो डाव जिंकला असता.

नंतरचे सोळा. सगळे तिरके. भिंती, छत, दारू, खेळणारे, सगळं लाल. बाकी तिघांना ओरखडा नाही.

मग दुसरी घंटा झाली.

शहरातून पोलिसांचे साहेब आले, त्यांनी मोजलं, फोटो काढले आणि लिहिलं, मारेकरी अज्ञात इसम, व्यवसायाने बहुधा ऊसतोड्या.

मी पेटी उघडली. कापड आत होतं. कड होती, शब्द होते, रेघ होती. हाताच्या आतला धुरकट रंग गेला होता. पांढरंशुभ्र. परत सोडायला आता मालकच नव्हता. कापडावर कोणाला उभं करणार?

सोमवारी दुपारी चारला त्याला पुरलं. सगळ्यांच्या सावल्या लांब पडल्या होत्या. ओब्दुलिया कबरीशी उभी होती. दोन्ही हातांत फुलं.

आणि तिच्या सावलीच्या खांद्यावर… तिसरा हात होता.

मी तिच्या शेजारी सरकलो. “ताई, उद्या सकाळी कापडावर उभ्या राहा. मी काहीतरी करतो. निघेल.”

तिने खाली बघितलं. तिला माहीत होतं.

“कशाला?” ती म्हणाली. “सोळा वर्षांच्या संसारात हा हात माझ्यावर पहिल्यांदा नुसता टेकलाय.”

नऊ महिने झाले. एरवी तो काही करत नाही, नुसती सावली. ओब्दुलिया तमाल विकते, हात खांद्यावर असतो. भाव कोणी करत नाही.

मागच्या आठवड्यात ती आमच्याकडे आली. स्वतःचं मांजरपाट घेऊन. नासारिओचा भाऊ फुल्हेन्सिओ तिचं घर मागतोय. फुल्हेन्सिओ वाईट माणूस नाही, कंटाळवाणा आहे. आठ वर्षं एकच सायकल दुरुस्त करतोय.

“माझी सावली काढ,” ती मला म्हणाली. मावशीला आता लेखणी धरता येत नाही. “तिसऱ्या हातात त्याचं नाव लिही.”

“फक्त नाव?”

“फक्त नाव.”

“नाही लिहिणार, ताई.”

ती रागावली नाही. कापडाची नीट घडी घातली. “चौदा मेला कासिल्दाबाईंच्या मांडीवर कोण बसणार आहे?”

मी मावशीकडे बघितलं.

“लिहायचं नाही,” मावशी म्हणाली. “रेघ मी मारली होती. या बाईने नाही, फुल्हेन्सिओने तर नाहीच.”

“मग बसा एकट्या,” ओब्दुलिया म्हणाली आणि गेली.

उद्या चौदा मे.

मी मावशीला सांगितलंय, मी बसेन तुझ्या मांडीवर. ती म्हणाली, “तुझ्यात आहे काय? आरपार जाईल.” खरं आहे, माझं वजन पन्नास किलो. म्हणून आज सकाळपासून मी तमाल खातोय. अकरा झाले. तिच्याकडूनच घ्यावे लागतात, गावात दुसरं कोणी विकत नाही.

बारावा घ्यायला मघाशी गेलो. ऊन कलतं होतं, तिची सावली फरशीवर स्पष्ट पडली होती.

“अजून भूक आहे?” तिने विचारलं.

“आहे.”

ती हसली. दोन हातांनी तिने केळीच्या पानाची गाठ बांधली. मी सवयीने खाली बघितलं. तिच्या सावलीलाही दोनच हात होते. पानाची गाठ बांधणारे.

खांद्यावर… कोणी नव्हतं.

“कुठे गेला?” मी विचारलं.

तिने तमाल माझ्या हातात दिला. मग जमिनीवर, माझ्या सावलीच्या उजव्या खांद्याकडे, बघत राहिली.

मी सरळ समोर बघत घरी आलो. खिडकी बंद केली, पडदा ओढला. दिवा लावलेला नाही.

माझी सावली मी अजून बघितलेली नाही.